हद्द जुळली नाही

मी सरकारी मोजणीदार.
नेब्रास्कात, विल्बर गावाबाहेर
नव्या वळणरस्त्यासाठी एक पट्टी आखली मी,
मार्चच्या गारठ्यात, बोटांवर फुंकर घालत.
शून्य पूर्णांक त्र्याऐंशी एकर.
आपल्या हिशेबात तेहतीस गुंठे आणि चिमूटभर.

जमीन लव्हॉन ड्वोराचेकची. वय एकाहत्तर.
पत्र्याच्या शेडमध्ये ती अकॉर्डियन दुरुस्त करते,
तीन राज्यांतून येतात तिच्याकडे फाटके भाते.
पोलादाची इवलीशी जीभ चिमट्यात धरते,
टोकाशी घासली की सूर चढतो,
मुळाशी घासली की उतरतो.
यंत्र नाही. कान.

मी नकाशा उलगडून दाखवला,
म्हटलं, शेडला धक्का लागत नाही, बाई.
ती म्हणाली, "जरा गप्प उभा राहा."
राहिलो.
काहीच ऐकू आलं नाही.
"हेच," म्हणाली. "हेच नेताय तुम्ही."

मग कोर्ट.
जनहित आहे की नाही
हे न्यायाधीशांनी सुनावणीच्या पहिल्याच तासात ठरवलं : आहे.
उरला एकच प्रश्न, बाराजणांसमोर मांडायचा :
किती?
द्यायची का, हे कुणी विचारणार नव्हतं,
जसं दात उपटताना विचारत नाहीत,
फक्त सांगतात, तोंड उघडा.

सरकारचा मूल्यांकनवाला साक्षीला उभा राहिला.
म्हणाला, उर्वरित जागेस बाधा नाही.
तिचा वकील, ऑस्टिन प्रुईट, कोट खांद्यात सैल,
विचारता झाला :
चाळीस फुटांवरून दिवसाला नऊशे ट्रक जातील,
सूर लावायला शांतता लागते,
तिचा दर तुम्ही काय धरलात?
साक्षीदारानं कागद मागेपुढे चाळले.
"अशा विक्रीचे तुलनात्मक व्यवहार
या काउंटीत नोंदलेले नाहीत."
कुणी हसलं नाही. मीही नाही.
लव्हॉन चष्मा पुसत होती.

मग माझी पाळी.
प्रुईटनं माझंच वर्णन माझ्याकडून वाचून घेतलं :
आरंभबिंदूपासून पूर्वेस इतके फूट,
तिथून उत्तरेस इतके,
तिथून पश्चिमेस, तिथून पुन्हा उत्तरेस...
तिथं जीभ अडखळली.
मोजणीचा पहिला धडा हा,
की चालत चालत शेवटी निघालो तिथंच यायचं.
माझी रेघ परतच येत नव्हती.
दक्षिणेऐवजी उत्तर टंकलं होतं मी,
आणि ती पट्टी, कागदावर,
काउंटीबाहेर निघून गेली होती कुठंतरी.

अर्ज फेटाळला.
हद्द जुळत नाही, तर घ्यायचं नेमकं काय?

घरी बायकोनं विचारलं,
"मुद्दाम केलंस ना रे?"
हो म्हणण्याइतका वेळ होता.
तिला ते आवडलं असतं,
मलाही.
नाही म्हणालो.
बोटं गारठली होती, एवढंच.

अर्ज फेटाळला म्हणजे रस्ता फेटाळला नाही.
नव्वद दिवसांत दुरुस्त वर्णन, नवा अर्ज,
पुन्हा तेच खटलं. साहेबांनी मलाच धाडलं :
तुझी चूक, तूच निस्तर.

जूनमध्ये गेलो. गवत कंबरेएवढं.
माझी जुनी लोखंडी खुंटी वाकलेली,
कुणी वाकवली विचारलं नाही.
शेडचं दार उघडं होतं.
आत एकच सूर,
पुन्हा तोच सूर,
पुन्हा तोच, केसभर वर.
हातोडा उचलला होता मी, नवी खुंटी उभी धरली होती.
खाली ठेवला.

ती घासत होती. थांबत होती. ऐकत होती.
बाकी कामाची वेळ माझी सरकारी,
घड्याळात दहा वाजून वीस.
लागेपर्यंत उभा राहिलो.

मग मारला.